संगमावर ओंजळभर डाळ

आमच्या मुलखात नद्या आहेत, बेटं नाहीत. पिंपळगाव राजाला ज्ञानगंगा आहे. ती पुढे पूर्णेला मिळते, पूर्णा चांगदेवाजवळ तापीला, आणि तापी सुरतेकडून समुद्राला. सगळं पाणी मावळतीकडे चाललेलं. चैत्र-वैशाखात पात्रात वाळू आणि गोटेच उरतात. गुरं या काठावरून त्या काठावर चरत जातात. चारी बाजूंनी पाणी, मधे डोंगर आणि डोंगरावर देव, हे आमच्यासाठी पोथीतलं चित्र. पावसाळा सरून आभाळ धुतलं गेलं की उत्तरेला सातपुड्याची निळी ओळ दिसते. त्या ओळीपलीकडे नर्मदा आहे आणि नर्मदेत ओंकार-मांधाता आहे, एवढं मात्र इथल्या पोराटोरांनाही ठाऊक असतं.

आजीच्या पिढीनं ही वाट रेल्वेनं केली. अकोल्याहून खांडव्याकडे जाणारी मीटर गेजची गाडी मेळघाटच्या जंगलातून जायची. धुळघाटापाशी रूळ स्वतःलाच वळसा घालून वर चढत, आणि डब्यातल्या बाया खिडकीतून खालचे रूळ पाहून हात जोडत. मोरटक्क्याला ओंकारेश्वर रोड स्टेशनवर उतरायचं. आता ती गाडी नाही. आता यात्रेची बस आहे. संध्याकाळी पिंपळगावातून निघते, नांदुरा, मलकापूर, बऱ्हाणपूर करत रात्रीतून सातपुडा ओलांडते. ज्या असीरगडाला दक्षिणेचं दार म्हणत, त्याच्या पायथ्यावरून आम्ही झोपेतच गेलो. माघ महिना होता. शेतात हरभरा घाट्यावर आलेला, कापसाची शेवटची वेचणी उरकलेली. बायकांना घराबाहेर पडायला एवढीच काय ती फट.

मावशी माझ्या शेजारी होती. मांडीवर पिशवी, पिशवीत जुन्या लुगड्याच्या तुकड्यात बांधलेलं काहीतरी. बसच्या टपावर सामान चढलं तरी ते गाठोडं तिनं हातचं सोडलं नाही.

उजाडताना नर्मदा दिसली. ती खोल घळीतून वाहते. अलीकडे ममलेश्वराचा काठ, पलीकडे मांधाताचा उभा कडा, आणि मधे हिरवट, संथ पाणी. कड्याला बिलगून ओंकारेश्वराचं पांढरं शिखर. बेटावर जायला पूल आहेत, एक जुना आणि एक झुलता. पण आयोजकांनी ठरवून दिलेला गाइड केवटांपैकी होता. त्यानं आम्हाला गोमुख घाटावर उतरवून नावेत बसवलं. बेटाला पाण्यावरूनच गेलं पाहिजे, हे त्याचं म्हणणं मला तेव्हाच पटलं. पुलावरून गेलं असतं तर एका रस्त्यावरून दुसऱ्या रस्त्यावर गेल्यासारखं झालं असतं. नावेत पाणी हाताला लागतं, थंडी अंगात शिरते आणि कडा डोक्यावर चढत जातो.

घाटावर भोंगा आहे. वरच्या अंगाला, बेटापासून नजरेच्या टप्प्यात, ओंकारेश्वर धरणाची भिंत आहे. 2007 पासून तिथे वीज होते, 520 मेगावॉट. जनित्रं चालू झाली की खाली पाणी चढतं, त्याआधी भोंगा वाजतो. नावाड्याचं सगळं वेळापत्रक त्या भोंग्यावर. पूर्वी नदी पाहून पाणी ओळखायचो, आता भोंगा ऐकून, असं गाइड हिंदीतून म्हणाला आणि वल्हं टेकवून दोर बांधायला लागला. या धरणाच्या पाण्यात गेलेल्या गावांची माणसं 2012 साली घोगलगावला सतरा दिवस गळ्याइतक्या पाण्यात उभी होती, जमिनीला जमीन मागत. त्यांचे सोललेले, पांढरे पडलेले तळपाय मी वर्तमानपत्रात पाहिले होते. नावेतून उतरताना पाय पाण्यात बुडाले तेव्हा ते आठवले, आणि पुढचा दिवसभर या नदीकडे नुसती तीर्थ म्हणून पाहता आलं नाही. याच पाण्याखाली धावडी कुंडही गेलं. प्रवाहानं घोटून गुळगुळीत केलेले बाण, म्हणजे शिवलिंगासारखे गोटे, पिढ्यान्‌पिढ्या तिथून घरोघर गेले. आमच्या देवघरातला बाणही नर्मदेचाच. आता घाटावर विकायला असतात ते बहुतेक कारागिरांनी यंत्रावर घडवलेले. देखणे असतात, पण नदीनं शेकडो वर्षं घालून केलेलं काम त्यात नसतं, आणि त्या कामालाच आपण नमस्कार करत होतो.

आयोजकांच्या कागदावर दर्शनाला दोन तास, मग खरेदी, मग जेवण, आणि चार वाजता बस असं होतं. गाइडनं दर्शनाच्या रांगेकडे एक नजर टाकली आणि म्हणाला, "पहले परिक्रमा कर लो माताजी, लाइन कहीं नहीं जाती." बेटाची परिक्रमा सात किलोमीटरच्या आसपास. निम्म्या बाया घाटावरच थांबल्या. मावशीनं गाठोडं काखेत धरलं आणि पदर खोचला.

मंदिराच्या मागून वाट निघते ती पश्चिमेला, नदीच्या धारेबरोबर. डोंगर उजव्या हाताला, पाणी डाव्या. दुकानांचा गलका दहा-पंधरा मिनिटांतच मागे पडतो. मग सागाची, अंजनाची झाडं, वानरांच्या टोळ्या, आणि वाटेच्या कडेनं लावलेले गीतेचे श्लोक. ज्यांना वाचता येत होतं त्या मोठ्यानं वाचत, बाकीच्या ऐकत चालत. पलीकडच्या काठावर पांढऱ्या कपड्यांतली माणसं चाललेली दिसली, हातात काठी, खांद्याला झोळी. नर्मदेची मोठी परिक्रमा करणारे. बहुतेक जण ओंकारेश्वरापासूनच उचलतात. नर्मदा कायम उजव्या हाताला ठेवून आधी समुद्रापर्यंत, मग दुसऱ्या काठानं अमरकंटकाकडे. जुन्या रिवाजानं हिला तीन वर्षं, तीन महिने आणि तेरा दिवस लागतात. मराठी माणसाला या वाटेची ओढ जुनी. आमच्याच वऱ्हाडात, परतवाड्याला जन्मलेल्या गो. नी. दांडेकरांनी ती स्वतः चालून 'कुणा एकाची भ्रमणगाथा' लिहिली.

गाइडनं सांगितलेली एक गोष्ट मात्र मनात घर करून बसली. परिक्रमेत नर्मदा ओलांडायची नसते. आणि मांधाताला नर्मदेचा वेढा आहे. म्हणजे ज्यानं परिक्रमा उचलली त्याला या बेटावर पाय ठेवता येत नाही. शिखर समोर दिसतं, आरतीची घंटा ऐकू येते, आणि तो पलीकडूनच हात जोडून पुढे जातो. सगळी नदी चालून आला, कुपीतलं पाणी सांभाळून आणलं, की मग त्याला ओंकारेश्वरावर ते पाणी घालायचा अधिकार. आम्ही रात्री बसमध्ये झोपलो आणि सकाळी बेटावर उतरलो. मावशी थबकून पलीकडच्या त्या माणसांकडे बराच वेळ पाहत राहिली. मग म्हणाली, "त्याईले वर्सं लागतीन, अन् आपुन सकायीच आलो. मंग निदान पायी त चाला." निम्म्या वाटेवरून परतायच्या विचारात असलेल्या दोघी मुकाट्यानं पुढे निघाल्या.

पश्चिम टोकाला बेट निमुळतं होतं. उत्तरेकडून येणाऱ्या धारेला तिथले लोक कावेरी म्हणतात. दक्षिणेतल्या कावेरीशी तिचा संबंध नाही. ती नर्मदेला वर एकदा मिळते, आणि तिच्यात न मिसळता बेटाच्या पाठीमागून वेगळी वाहत इथे पुन्हा येऊन भेटते, अशी श्रद्धा. दोन पाण्यांचे रंग मला वेगळे दिसले नाहीत, वेग मात्र वेगळा दिसला. या टोकाशी ऋणमुक्तेश्वर आहे. लहान देऊळ. इथे हरभऱ्याची डाळ वाहायची आणि ऋणातून मोकळं करायला सांगायचं. देवाचं ऋण, पितरांचं ऋण आणि माणसांचंही. बाहेर पुडीतली डाळ विकायला असते.

मावशी पायरीवर बसली आणि तिनं गाठ सोडली. घरची डाळ. गेल्या साली ज्या एकरात हरभरा बरा झाला, त्यातली. भिजवून, वाळवून, घरच्या जात्यावर भरडलेली आणि सुपानं पाखडलेली. दुकानातल्यासारखी एकसारखी नव्हती. काही दाण्यांच्या कडा उडालेल्या, काहींना तपकिरी टरफल चिकटलेलं. तिनं ती तळहातावर पसरून एक खडा शोधून काढला आणि बाजूला टाकला. देवाला वाहायच्या डाळीतही तिनं निवडणं सोडलं नाही. ओंजळ भरून आत गेली. पिंडीवर आधीच्या लोकांच्या डाळीचा पिवळा थर होता, त्यावर हिची डाळ पडली. ती बाहेर आली तेव्हा मी विचारलं, "काय मागितलं?"

"मांगतलं काई नाई," ती म्हणाली. "सोसायटीचं किती, बँकेचं किती, सोनं कोठी ठेवलं, सारं सांगतलं. कर्ज काय डायीनं फिटते थोडंच? पन आकडा कोनाजोळ तरी मोठ्यानं बोलाले पायजे. घरात बोलता येत नाई, काका आयकते त झोपत नाई."

बुलढाणा जिल्ह्यात कापूस-सोयाबीनच्या शेतीवर जगणाऱ्या घरांत कर्ज हा शब्द कसा उच्चारतात, ते मला माहीत आहे. हळू, आणि दार लोटून घेऊन. बँकेत आकडा कागदावर असतो, घरात तो काळजात असतो. माणूस तो कुणालाच सांगत नाही आणि त्याच्याखाली एकटा पडतो. आमच्या गावांनी त्याची किंमत मोजली आहे. म्हणून मला हे देऊळ मोलाचं वाटलं. इथे कर्जाचं नाव घेऊन येणाऱ्यांची रोजची रीघ आहे. त्यात कुणाला कमीपणा नाही, पायऱ्यांवर सगळेच देणेकरी. कर्जमाफी सरकारनं करायची, भाव बाजारानं द्यायचा, हे खरंच आणि ते मागायलाच हवं. पण आकडा तोंडातून बाहेर पडायला जागा लागते. मावशीला ती दोनशेहून अधिक किलोमीटरांवर, बेटाच्या टोकाशी मिळाली.

इथून वाट चढते. गौरी सोमनाथाच्या गाभाऱ्यात काळ्या दगडाचं पुरुषभर उंचीचं लिंग आहे. मामा आणि भाचा, दोघांनी मिळून कवेत घेतलं तरच त्याला मिठी पुरी होते म्हणतात. आमच्यात मामा-भाचे नव्हते. सासू-सुना होत्या, त्यांनी एकमेकींची बोटं धरून मिठी पुरी केली. पुढे पूर्वेच्या बाजूला सिद्धनाथाचं देऊळ. ते पडलेलं आहे आणि तरीही बेटावरचं सगळ्यात देखणं काम तेच. चौथऱ्याभोवती दगडात हत्ती कोरलेत, दोन-दोनच्या जोड्यांत, सोंडेला सोंड भिडवलेले, पायांखाली माणसं तुडवलेले. काहींच्या सोंडा तुटल्यात, तरी पाठीचा बाक आणि गंडस्थळाचा फुगवटा तसाच जिवंत. यातले दोन हत्ती इंग्रजांच्या काळात नागपूरच्या अजब बंगल्यात, म्हणजे तिथल्या संग्रहालयात नेले, असं गाइड म्हणाला. त्या काळी निमाड नागपूरच्याच अमलाखाली होता, तेव्हा दगडांनीही हीच वाट उलटी धरली असेल.

डोंगराच्या माथ्यावर आता आदि शंकराचार्यांचा 108 फुटी पुतळा उभा आहे, बालरूपातला, 2023 च्या सप्टेंबरात अनावरण झालेला. आठ वर्षांचा तो मुलगा केरळातून चालत इथे आला आणि गोविंदभगवत्पादांना गुहेत भेटला, ही परंपरा. ती गुहा खाली ओंकारेश्वराच्या देवळाशीच आहे, बसकी आणि अंधारी. मला ती गुहा अधिक जवळची वाटली. पुतळा लांबून दिसावा म्हणून आहे. गुहेत शिरायला वाकावं लागतं, आणि गुरूच्या शोधात आलेल्या मुलाची गोष्ट त्या वाकण्यात समजते.

रांग तोवर खरंच ओसरली होती. ओंकारेश्वराचं लिंग म्हणजे घडवलेली पिंडी नव्हे, खडकाचा उंचसखल भाग. शिखराच्या बरोबर खालीही तो नाही. दर्शन क्षणाचं. पण पायांत अख्खं बेट साठलेलं होतं, त्यामुळे तो क्षण तोकडा वाटला नाही. नाव पुन्हा अलीकडे आली तेव्हा ममलेश्वराला जायला जेमतेम वेळ उरला. तिथे मातीची पार्थिव लिंगं करून पूजायची रीत अहिल्यादेवी होळकरांच्या नावानं सांगतात. त्यांचं महेश्वर याच नदीच्या काठी, खालच्या अंगाला. आणि थोरले बाजीराव 28 एप्रिल 1740 ला गेले ते रावेरखेडीही याच काठावर. मराठी माणसाला ही नदी परकी नाही.

चार वाजता बस हलली आणि एक गोष्ट राहून गेली. ओंकारेश्वराला रात्री शयन आरतीनंतर गाभाऱ्यात सारीपाट मांडतात, फासे ठेवतात आणि दार लावतात. शिवपार्वती रात्री खेळायला येतात, सकाळी फासे हललेले असतात, ही तिथली श्रद्धा. दिवसाच्या यात्रेला ते कधी सापडत नाही. आपल्याकडच्या यात्रा उज्जैन, ओंकारेश्वर, महेश्वर असं सगळं एका दमात कोंबतात. एक देऊळ कमी करा, पण मांधाताला एक मुक्काम ठेवा, असं मला प्रत्येक आयोजकाला सांगावंसं वाटतं. सकाळी परिक्रमा, दुपारी सावलीत विसावा, रात्री आरती.

मावशीनं हे माझ्याआधी सांगितलं. सनावद यायच्या आत ती पुढच्या सीटपाशी जाऊन उभी होती. "एक रात वाढली त मानसी किती वाढते, भाऊ?" आयोजक म्हणाले, हिशेब करून सांगतो. "सांगा मंग," ती म्हणाली, आणि पुढच्या माघासाठी काकांचं नाव वहीत सगळ्यात वर लिहून घ्यायला लावलं.