घारापुरीचा बेत

सहलीचा बेत करावयास बसले म्हणजे नकाशापेक्षा घरातील माणसांचीच ओळख अधिक होते. येत्या रविवारी घारापुरीस जावे, असे आमच्या गिरगावातील बिऱ्हाडात ठरत आहे. अपोलो बंदरावरून लाँचने तासाभराची वाट. सोमवारी लेणी बंद, तेव्हा रविवारच बरा. थोरलीस त्रिमूर्ती पाहावयाची आहे, धाकट्यास डोंगरमाथ्यावरील तोफा. आईने मात्र एवढेच विचारले, “पायऱ्या किती?”

शंभराहून अधिक, हे ऐकताच ती म्हणाली, “ज्या दगडी हत्तीवरून फिरंग्यांनी बेटाला नाव दिले, तो मी राणीच्या बागेत पाहिलाच आहे. तुम्ही जा.” डोली करू म्हटले, तर हसली. “चौघांच्या खांद्यावरून एकदाच जायचे असते रे!”

1987 साली जागतिक वारसा ठरलेली ती लेणी पुढेही तेथेच असतील; आईचे पाय मात्र दरवर्षी एकेक पायरी गमावीत आहेत. म्हणून बेत बदलला आहे. मुले वर जातील. आम्ही दोघे शेतबंदरापाशी सावलीत बसून, ओहोटीला खारफुटीच्या चिखलात उतरणारे बगळे पाहू. आईने कालच डबा घासून ठेवला.