वाकडी करंगळी

चक बेडनारिकच्या म्हातारपणीच्या फोटोंत माझी नजर आधी जाते ती त्याच्या हातांवर. बोटं ठिकठिकाणी मोडून पुन्हा जमेल तशी सांधलेली. करंगळी तर बाकीच्या बोटांना सोडून भलतीकडेच वळलेली.

फिलाडेल्फिया ईगल्सकडून तो १९४९ ते १९६२ अशी चौदा वर्षं अमेरिकन फुटबॉल खेळला. जागा सेंटरची, आघाडीच्या ओळीतली अगदी मधली. या जागेबद्दल मला फार आपुलकी वाटते. सेंटर ओणवा होतो, जमिनीवरचा चेंडू दोन पायांमधून मागे क्वार्टरबॅककडे देतो आणि त्याच क्षणी समोरून अंगावर येणाऱ्या धिप्पाड गड्याला खांद्यानं थोपवतो. प्रत्येक डाव त्याच्या हातून सुरू होतो, पण चेंडू गेला की लोकांची नजरही चेंडूमागे जाते. पुढचे काही सेकंद तो काय सोसतो, हे समोरच्या गड्यालाच ठाऊक.

बेडनारिक पेनसिल्व्हेनियातल्या बेथलेहेमचा, जन्म १९२५चा. आईवडील स्लोव्हाक, वडील पोलाद कारखान्यात कामाला. शाळा संपते न संपते तोच युद्ध आलं. बी-२४ बॉम्बफेकी विमानाच्या बाजूच्या खिडकीत मशीनगन धरून त्यानं ३० मोहिमा केल्या, विशीही उलटली नव्हती तेव्हा. असा माणूस मैदानात कशाला भिईल, असं म्हणावंसं वाटतं. मला ते पटत नाही. भीती इतक्या जवळून पाहिली म्हणून ती जात नसावी. आपली जागा सोडायची नाही, एवढं मात्र अंगात मुरत असावं.

खेळाच्या पगारावर भागायचं नाही, म्हणून हंगाम संपला की तो काँक्रीट विकायचा. त्यातूनच 'काँक्रीट चार्ली' हे नाव पडलं. ऐकणाऱ्याला ते त्याच्या अंगाच्या कणखरपणाचं वाटतं. मुळात ते पोटापाण्याचं नाव.

१९६० साली, वयाच्या पस्तिशीत, तो आक्रमण आणि बचाव अशा दोन्ही बाजूंनी खेळू लागला. २० नोव्हेंबरला यांकी स्टेडियमवर न्यूयॉर्क जायंट्सचा फ्रँक गिफर्ड चेंडू घेऊन वळत असताना बेडनारिकची धडक बसली. गिफर्ड बेशुद्ध पडला. पुढचा अख्खा हंगाम तो मैदानात दिसला नाही. आडव्या गिफर्डजवळ मूठ वळून उभा असलेला बेडनारिक, हा फोटो जगभर गेला. चेंडू सुटला, आपल्या गड्यानं उचलला, सामना जिंकला, म्हणून ती मूठ होती, असं तो जन्मभर सांगत राहिला. मी त्याच्यावर विश्वास ठेवतो. तरी तो फोटो मला फार वेळ बघवत नाही. २०१५ साली दोघेही गेले, बेडनारिक मार्चमध्ये, गिफर्ड ऑगस्टमध्ये. गिफर्डच्या मेंदूच्या तपासणीत डोक्याला वारंवार बसणाऱ्या माराशी जोडला जाणारा आजार निघाला. तो एका धडकेच्या माथी मारता येत नाही. मग हिशेब कुणाच्या नावावर मांडायचा?

त्या धडकेच्याच वर्षी, १९६० साली, २६ डिसेंबरला फिलाडेल्फियात अंतिम सामना, समोर ग्रीन बे पॅकर्स. साठ मिनिटांपैकी ५८ मिनिटं बेडनारिक मैदानावर होता. ईगल्स १७-१३ असे पुढे, पॅकर्सचा शेवटचा डाव. जिम टेलर चेंडू घेऊन निघाला, गोलरेषा नऊ-दहा यार्डांवर आली. बेडनारिकनं त्याला मिठीत धरून खाली पाडला आणि घड्याळातला शेवटचा सेकंद सरेपर्यंत त्याच्या अंगावरून उठला नाही.