वाळूतील पिसू

राजाजीनगरास समुद्र नाही. बंगळूरच्या या भागात वाळू पाहावयाची झाली तर ती बांधकामाच्या ढिगाऱ्यातच. तरीही समुद्रकाठच्या वाळूतील एक जीव आमच्या घरी येऊन राहिला, हे ऐकून आपणांस नवल वाटेल.

दोन वर्षांपूर्वी माझा भाचा केनियाहून परतला. तेथे किनाऱ्यालगतच्या एका खेड्यात तो कामानिमित्त राहिला होता व वाळूत अनवाणी हिंडला होता. आल्याच्या तिसऱ्या दिवशी तो लंगडू लागला. अंगठ्याच्या नखाशी वाटाण्याएवढा पांढुरका फोड आणि मधोमध काळा ठिपका. “मावशी, काटा गेला असेल,” तो म्हणाला. काटा काढण्यात आमचा हात कोण धरणार! मी सुई दिव्यावर धरली आणि फोड कोरला. काटा निघाला नाही. निघाली बारीक पांढरी अंडी. दोन दिवसांत पाऊल सुजले, ताप चढला.

डॉक्टरांनी प्रथम विचारले ते, “कोठून आलात?” आणि मग, “सुई कोणी लावली?” मी मान खाली घातली. त्यांनी सांगितले, की ही वाळूतील पिसू जेमतेम एक मिलिमीटर लांब असते. मादी कातडीत शिरते, शेवटचे टोक तेवढे बाहेर ठेवते आणि आत फुगून अंडी टाकीत राहते. चारपाच आठवड्यांत ती आपोआप मरते. कोरताना ती फुटली की जखम चिघळते. धनुर्वाताचेही भय असते. म्हणून आता डायमेटिकोन नावाचे पातळ तेल लावून ती जागच्या जागीच मारतात. अंडी घरभर सांडली असतील या धास्तीने मी तीन दिवस फरशी कढत पाण्याने धुतली. वास्तविक त्या जीवास कोरडी, भुसभुशीत माती लागते.

मूळची ती अमेरिका खंडातली. १८७२ साली ‘थॉमस मिचेल’ हे जहाज ब्राझीलहून अंगोलास आले. ते डोलू नये म्हणून तळाशी भरलेल्या वाळूतून ती आफ्रिकेत उतरली, असे मानतात. पुढे तांड्यांतील अनवाणी हमालांच्या पायांतून पंचवीसेक वर्षांत तिने पूर्व किनारा गाठला. तेथेच १८९६ पासून युगांडाच्या लोहमार्गावर हिंदी मजूर राबत होते. आफ्रिकेतून परतणाऱ्या मजुरांबरोबर १८९९ साली ती मुंबईस पोचली. बिचाऱ्यांच्या पायांत बूट कोठले! आपल्याकडे तिने मूळ धरल्याचे दिसत नाही. तथापि १९८५ साली महाराष्ट्रातील एका रुग्णाची नोंद मुंबईच्या एका वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झाली होती. आमचा भाचा काही पहिलाच नव्हे.

गेल्या महिन्यात तो पुन्हा मोंबासास निघाला. पेटीत बंद बूट मी स्वतः ठेवले. तो हसला, पण त्याच्या अंगठ्याचे नख अजून वाकडेच आहे.