मुखपृष्ठाच्या शोधात

आमच्या गावी येणारा पाहुणा गाडीतून उतरण्यापूर्वीच तीन गोष्टी ठरवून आलेला असतो. वेरूळ, अजिंठा आणि बीबीचा मकबरा. वेळ उरला तर पाणचक्की, आणि बरोबर बायकामंडळी असतील तर हिमरूची शाल. गावाचे नाव औरंगाबाद होते तेव्हा हेच होते, आणि २०२३ साली ते छत्रपती संभाजीनगर झाले त्यानंतरही यात फरक पडलेला नाही. पाहुण्यांना हिंडवण्याचे काम बहुधा माझ्याकडे येते. मी इथल्या एका महाविद्यालयात मराठी शिकवतो, आणि प्राध्यापकाला बाराही महिने सुट्टी असते अशी आमच्या नातेवाईकांची पक्की समजूत आहे.

पण मी एकटा असलो म्हणजे माझी यात्रा निराळी असते. रविवारी सकाळी मी जाफर गेटच्या आठवडी बाजाराकडे वळतो. भाजीची पिशवी हातात असते ती घरच्यांच्या समाधानासाठी. मेथी, वांगी घेऊन झाली की पाय आपोआप जुन्या सामानाकडे जातात. गंजलेले नळ, चेन नसलेल्या सायकली, तीन पायांची खुर्ची, बंद पडलेली घड्याळे, आणि या सगळ्यांच्या शेजारी पोते अंथरून मांडलेली पुस्तके, जुने दिवाळी अंक आणि क्वचित गाण्यांच्या तबकड्या. मला तबकड्या नको असतात. त्या वाजवायचे यंत्र माझ्याकडे नाही. मला हवी असतात त्यांची पाकिटे.

एकदा असेच एक फूटभर लांबरुंद पाकीट मी उचलले. विक्रेता प्रामाणिक. म्हणाला, "खाली है साब, अंदर रिकाट नै है." मी म्हटले, "खालीच पाहिजे." त्याने माझ्याकडे ज्या नजरेने पाहिले ती वर्गातही अधूनमधून वाट्याला येते. पाकिटावर गाणाराचे नाव होते, कवीचे होते, संगीत देणाऱ्याचे होते. भोंग्यापुढे कान देऊन बसलेला तो सुप्रसिद्ध कुत्राही होता. ज्या चित्रामुळे माझा हात त्या ढिगातून नेमका त्या पाकिटावर गेला, ते चित्र कोणी काढले हे मात्र कुठेही लिहिलेले नव्हते.

ही चित्रे काढण्याचा धंदा जगात तसा फार जुना नाही. पूर्वीची तबकडी लाखेची, जड आणि ठिसूळ. एका बाजूला तीन-साडेतीन मिनिटांचे गाणे मावे. ती मिळे खाकी कागदाच्या पाकिटात, आणि पाकिटाला मधोमध एक गोल भोक, म्हणजे आतल्या तबकडीवरचे नाव वाचता यावे. लांबलचक संगीत असले की त्याच्या पाच-सहा तबकड्या होत. त्या फोटोंच्या अल्बमसारख्या एका जाड पुस्तकात बांधून विकत, आणि म्हणूनच गाण्यांच्या संचाला अल्बम हे नाव पडले. त्या बांधणीवर करडा नाहीतर तपकिरी कागद आणि पाठीवर सोनेरी अक्षरे, एवढाच शृंगार. अमेरिकेतले दुकानदार असल्या अल्बमांच्या रांगेला 'थडगी' म्हणत.

या थडग्यांत जीव घातला तो अ‍ॅलेक्स स्टाइनवाइस या तरुणाने. १९१७ साली जन्मलेला हा पोरगा कोलंबिया कंपनीत कलाविभाग सांभाळायला लागला. कंपनीला त्याने गळ घातली की वेष्टनावर चित्र घालू, गिऱ्हाईक गाणे ऐकण्याआधी ते पाहू दे. १९४० साली त्याचे पहिले सचित्र वेष्टन निघाले. त्यासाठी त्याने न्यूयॉर्कच्या इंपीरियल नाट्यगृहाच्या दर्शनी पाटीवरची दिव्यांची अक्षरे घटकाभर बदलून घेतली आणि त्या पाटीचा फोटो काढवला. तेच मुखपृष्ठ! गाणी तीच, तबकडी तीच. पण खप वाढू लागला. पुढे १९४८ साली एका बाजूला वीस-बावीस मिनिटे वाजणारी मोठी तबकडी आली, तेव्हा तिला लागणारे पुठ्ठ्याचे पाकीटही त्यानेच बसवून दिले. आपल्या वेष्टनांवर तो सही करी. २०११ साली तो वारला, तेव्हा चौऱ्याण्णव वर्षांचा होता आणि त्याच्या वेष्टनांचे मोठाले संग्रह छापून झालेले होते.

आता वाचक म्हणतील, संभाजीनगरचा हा मास्तर न्यूयॉर्कला कशाला गेला? गेलो नाही, तिथून मडगावला यायचे आहे म्हणून थोडा वळसा घेतला. स्टाइनवाइसच्या आधी एकच वर्ष, १९१६ साली, मडगावला दीनानाथ दलाल जन्मले. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत शिकले, मुंबईत स्वतःचा स्टुडिओ थाटला, आणि मराठी पुस्तकाला चेहरा दिला. तिकडे जे गाण्याच्या बाबतीत घडले, ते आपल्याकडे पुस्तकाच्या बाबतीत घडले. १९४५ साली त्यांनी 'दीपावली' हा अंक काढला. दिवाळी अंक वाचायचा तसाच पाहायचाही असतो, ही सवय मराठी माणसाला ज्यांनी लावली त्यांत दलालांचे नाव पुढे. त्यांच्याबरोबरीने रघुवीर मुळगावकर. तेही गोव्याचेच, आणि त्यांचा 'रत्नप्रभा' अंकही असाच घरोघर जाई. त्यांची देवादिकांची चित्रे तर चौकटीत बसून थेट देव्हाऱ्यात गेली.

त्या काळी मुखपृष्ठ काढणे म्हणजे नुसती चित्रकला नव्हती, तो हिशेबही होता. प्रत्येक रंगाला निराळा ठसा, प्रत्येक ठशाला निराळा पैसा, आणि छापखान्यात कागद तितक्या वेळा यंत्राखालून जायचा. मराठी प्रकाशक दोन रंगांचे पैसे कसेबसे देणार. मग चित्रकाराने काय करावे? पिवळ्यावर निळा चढवून हिरवा काढावा, म्हणजे दोनाच्या पैशांत तीन रंग झाले. कागदाचा पांढरा तसाच राखला की चौथा फुकट! जुन्या मुखपृष्ठांवरचे ते सपाट रंग, ठाम रेषा आणि मोकळ्या सोडलेल्या जागा पाहून आज आपण माना डोलावतो. त्यातले निम्मे सौंदर्य काटकसरीच्या पोटी आलेले आहे. शिवाय वर पुस्तकाचे नाव त्याच चित्रात शोभेल असे हाताने लिहायचे. अक्षरांच्या या कलेत पुढे कमल शेडगे यांनी नाव काढले. नाटकाच्या जाहिरातीतले नुसते नाव पाहून नाटक हसवणारे की रडवणारे हे सांगता यावे, इतकी त्यांची अक्षरे बोलकी.

दलाल १९७१ साली गेले. पुरती पंचावन्न वर्षेही झाली नव्हती. शिवाजी सावंतांची 'मृत्युंजय' १९६७ साली आली, तिच्या मुखपृष्ठावर त्यांचाच हात आहे. ती कादंबरी आजही मुले वाचतात. परंतु कोपऱ्यातली 'दलाल' ही सही वाचणारा मुलगा मला वर्गात क्वचितच भेटतो.

म्हणून एका वर्षी ठरवले, की मुलांना एकदा त्या काळची पुस्तके त्यांच्या मूळ वेषात दाखवावीत. गावातल्या एका जुन्या ग्रंथालयात गेलो. यादी दिली. ग्रंथपाल भले गृहस्थ. त्यांनी पुस्तके काढून टेबलावर रचली. मी पाहतच राहिलो. सगळी तपकिरी! एकजात रेक्झिनची पाठ, जाड पुठ्ठा, आणि पाठीवर पांढऱ्या शाईने घातलेला क्रमांक. कादंबरी, नाटक, कवितासंग्रह, चरित्र, सगळ्यांना एकच गणवेश. मी विचारले, "यांची मुखपृष्ठे?" ते म्हणाले, "बांधणीला देताना निघतात, सर. फाटकी असतात. ठेवून करायचं काय?"

त्यांचे काही चुकले असे मी म्हणत नाही. शंभर हातांतून जाणारे पुस्तक टिकवायचे तर बांधणी हवीच, आणि बांधणीच्या पैशांची ओढ कुठल्या ग्रंथालयाला नसते? परंतु त्या रांगेकडे पाहताना मला न्यूयॉर्कच्या दुकानदारांचा तो शब्द आठवला. आमच्या गावाला थडग्यांची सवय आहे. मकबऱ्यापासून खुलताबादपर्यंत ती सांभाळून ठेवलेली आहेत, आणि प्रत्येकात कोण आहे हे ठाऊक आहे. या रांगेत मात्र एका चित्रकाराच्या जन्माचे काम पुरले गेले, आणि वर त्याचे नावही नाही. लेखकाचे आयुष्य त्याच्या पुस्तकात राहते. मुखपृष्ठ काढणाराचे आयुष्य राहते कुठे? पुस्तकाच्या अंगरख्यात. आणि अंगरखा तर झिजण्यासाठीच असतो असे आपण धरून चालतो.

पुढच्या आठवड्यात नेहमीप्रमाणे पाहुणे आले आणि अजिंठ्याला जाणे झाले. फुलंब्री, सिल्लोड करीत शंभरएक किलोमीटरचा रस्ता. अजिंठा गाव मागे टाकून घाट उतरला की फर्दापूर, आणि तिथून लेण्यांची बस. पाहुणे पहिल्या लेण्यातल्या पद्मपाणीपुढे उभे राहिले आणि सगळे विचारतात तेच त्यांनी विचारले, "हे काढलं कोणी?" याला उत्तर नाही. सोळाव्या लेण्याच्या शिलालेखात ते खोदवून घेणाऱ्या वराहदेवाचे नाव आहे. वाकाटक राजा हरिषेणाचा तो मंत्री. सव्विसाव्या लेण्यात बुद्धभद्र भिक्षूचे नाव आहे. दहाव्या लेण्यात तर १८१९ साली शिकारीला आलेल्या जॉन स्मिथनेही आपले नाव आणि तारीख चित्रावर कोरून ठेवली आहे. पैसे देणारा आहे, खरवडणारा आहे. चित्र काढणारा नाही. मला जाफर गेटचे ते पाकीट आठवले.

अजिंठ्याने मराठी मुखपृष्ठाला काय दिले, याचा विचार मी त्या दिवशी प्रथम नीट केला. १८७२ पासून बाराएक वर्षे जे. जे. कलाशाळेचे जॉन ग्रिफिथ्स आपल्या विद्यार्थ्यांना घेऊन इथे येत आणि भिंतीवरची चित्रे कॅनव्हासवर उतरवीत. ती रेषा, ते अर्धोन्मीलित डोळे, ती मानेची कललेली ठेवण त्या मुलांच्या बोटांतून मुंबईच्या कलाशाळेत गेली. त्याच शाळेतून पुढे दलाल आले. जुन्या दिवाळी अंकावरची हातात दिवा घेतलेली सुंदरी पाहा, तिची मान पाहा, बोटे पाहा. मला तरी तिचे माहेर वाघूर नदीच्या या वळणावरचे वाटते.

आणि त्या नकलांचे तरी काय झाले? ग्रिफिथ्सच्या आधी मेजर रॉबर्ट गिल १८४४ पासून इथे ठाण मांडून बसला होता. त्याने वर्षानुवर्षे खपून मोठाले कॅनव्हास रंगवले. ते लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये मांडले, आणि १८६६ साली तिथल्या आगीत बहुतेक सगळे जळाले. गिल भुसावळला पुरला आहे. ग्रिफिथ्सच्या मुलांच्या कामापैकीही बरेचसे १८८५ साली लंडनमध्येच आगीत गेले. आगीला कोण काय करणार? पण आमची मुखपृष्ठे आगीत गेलेली नाहीत. ती आपण होऊन, शिस्तीत, क्रमांक घालून काढून टाकली.

परत आल्यावर मी आमची पुस्तके बांधणाऱ्या वयस्क कारागिराकडे गेलो. मामा म्हणतो मी त्यांना. विचारले, "मामा, मुखपृष्ठ ठेवूनच बांधता येत नाही का?" ते हातातली खळ न सोडता म्हणाले, "न यायला काय झालं? पातळ कापडावर चिकटवायचं, वाळवायचं, पहिल्या पानासारखं आत शिवून टाकायचं. कुणी सांगतच नाही, सर. सांगितलं तर करू की. जरा वेळ जास्त, थोडी खळ जास्त." एवढेच! म्हणजे काम अवघड नव्हते, महागही नव्हते. कोणी मागितलेच नव्हते.

तेव्हापासून मी मागतो. ग्रंथपालांनाही ते पटले. बांधणीच्या गठ्ठ्यावर ते आता एक चिठ्ठी लावतात. वर्गातही कादंबरी शिकवायला घेतली की पहिला तास मुखपृष्ठाचा. मुले आधी हसतात, मग भांडतात. कर्ण असाच का काढला, रंग तोच का, अक्षर तिरके का. एका मुलीने तर लेखकाला काय म्हणायचे आहे ते चित्रकाराला आपल्या सरांआधी कळले असावे, असे सुनावले. मी ते वहीत लिहून घेतले.

आमच्या गावात सरकारी कला महाविद्यालय आहे. तिथून दरवर्षी मुले बाहेर पडतात. त्यांतली काही पुस्तकांची मुखपृष्ठे करतील, काही गाण्यांची. आता गाण्याला तबकडी उरली नाही, पाकीट उरले नाही. मोबाइलच्या पडद्यावर टपाल तिकिटाएवढा चौकोन, त्यातच सगळे सांगायचे. चौकोन लहान झाला तरी धंदा तोच: दुसऱ्याच्या मनातले आधी ओळखायचे, आणि त्याच्या दारात आपण उभे राहून लोकांना आत बोलवायचे.

वाचकहो, हा अंक तुमच्या हाती आहे. तो वाचून झाल्यावर पुढे कोणाच्या घरी जाईल, मग माळ्यावर, मग रद्दीत. दिवाळी अंकाची ही वाट ठरलेली आहे. त्याआधी एकदा अनुक्रमणिकेचे पान उघडा. तिथे एका कोपऱ्यात बारीक अक्षरांत 'मुखपृष्ठ' असा शब्द असेल आणि पुढे एक नाव. ते नाव मोठ्याने वाचा. घरातल्या मुलांना ऐकू जाईल इतक्या मोठ्याने.