चोर कोण, राखणदार कोण?

पावसाळ्यात संध्याकाळी दिवा लागला, की त्याच्याभोवती किड्यांची जत्राच भरते. त्या जत्रेत एखादा हिरवा नाहीतर तपकिरी, पाठीवर ढाल बांधल्यासारखा चपटा किडा हमखास असतो. चुकून बोटाखाली आला, तर असा काही वास सोडतो की साबणानं दोनदा हात धुतले तरी जात नाही! मुलांनो, हाच तो ढालीचा ढेकूण. अंथरुणातल्या ढेकणाचा हा लांबचा नातेवाईक. पण याला माणसाच्या रक्ताशी काही देणंघेणं नसतं, बरं का!

या वासाची एक गंमत सांगते. कोथिंबिरीच्या पानांत जी वासाची द्रव्यं असतात, त्याच जातीची काही द्रव्यं या ढेकणाच्या वासातही असतात. मोठ्या किड्याच्या पोटाकडच्या बाजूला, पायांजवळ, वासाच्या ग्रंथी असतात. पक्ष्यानं किंवा सरड्यानं चोच-तोंड लावलं, की हा पिचकारी सोडतो. शास्त्रज्ञ या कुळाला ‘पेंटाटोमिडी’ म्हणतात. ‘पेंटा’ म्हणजे पाच. मोठ्या किड्याच्या मिशा पाच तुकड्यांच्या असतात, म्हणून हे नाव.

आता खरी गोष्ट. या एकाच कुळात चोरही आहेत आणि राखणदारही. बहुतेक जण झाडाचा रस पिणारे. पण त्यांच्यातच एक शाखा अशी आहे, की ती अळ्या मारून खाते. दोघे दिसायला भाऊभाऊच. मग शेतकऱ्यानं ओळखायचं कसं? हा प्रश्न नुसता परीक्षेतल्या मार्कांचा नाही. त्यात पैसा आहे, पीक आहे आणि कधीकधी माणसाचा जीवही आहे.

माझी धाकटी बहीण वाशीम जिल्ह्यात एका खेड्यात राहते. त्यांचं सोयाबीनचं वावर आहे, मधेमधे तुरीच्या ओळी. एकदा ऑगस्टमध्ये मी तिच्याकडे गेले होते. पानांना भोकं पडलेली दिसत होती आणि त्या पानांवर तांबड्या रंगाची, काळ्या डोक्याची बारकी पिल्लं फिरत होती. भाऊजी म्हणाले, “ताई, हे तांबडे ढेकणं पाहून राहिले न तुम्ही? यांनीच पानांची चाळणी करून टाकली. उद्या सकाळी पंप येते. मारून टाकतो एकदाचं औषध.”

भाची तेव्हा सातवीत होती. ती माझं भिंग घेऊन एका पानाशी बसली होती. थोड्या वेळानं म्हणाली, “मावशी, यांना चावायला दातच नाहीत न! सोंड आहे नुसती. मग पानाला भोक कसं पाडतील?”

किती सरळ प्रश्न! सोंडेनं फक्त टोचता येतं आणि शोषता येतं. नारळाला नळी लावून पाणी पिता येतं, पण नळीनं खोबरं खाता येतं का? पान कुरतडायला जबडे लागतात, आणि ते असतात अळीला. म्हणजे भोकं पाडणारा चोर वेगळाच होता. पान उलटून पाहिलं, तर तो सापडलाही. पण कसा? एक हिरवी अळी हवेत लोंबकळत होती आणि तिच्या अंगात सोंड खुपसून एक तपकिरी ढेकूण पानाच्या कडेला शांतपणे बसला होता. ती तांबडी पिल्लं त्याच्याच जातीची. भाऊजी वाकून बराच वेळ बघत राहिले. काही बोलले नाहीत.

या शिकाऱ्याचं शास्त्रीय नाव जरा लांबलचक आहे : इओकॅन्थेकोना फर्सेलाटा. आपल्याकडे सोयाबीन, तूर, कपाशी अशा पिकांत तो सापडतो. पाने खाणारी अळी, घाटेअळी हे त्याचं आवडतं जेवण. अळीच्या अंगात तो सोंड खुपसतो आणि आपली लाळ आत सोडतो. त्या लाळेनं अळी लुळी पडते, तिच्या आतला भाग पातळ होतो आणि मग हा तो शोषून घेतो. शेवटी उरतं नुसतं वाळलेलं कातडं. अंड्यातून नुकतंच निघालेलं पिल्लू मात्र शिकार करत नाही. एकदा कात टाकली, की मग त्याची शिकार सुरू. कधीकधी हे शिकारी झाडाचा थोडा रसही पितात, पण तो तहान भागवण्यापुरता. त्यानं पिकाचं काही बिघडत नाही.

आणि चोर? सगळ्यांत प्रसिद्ध चोर म्हणजे हिरवा ढेकूण, नेझारा विरिड्युला. अंगानं हिरवागार आणि पाठीवरच्या त्रिकोणाच्या वरच्या कडेवर ओळीत तीन बारीक पांढरट ठिपके. हा सोयाबीन, तूर, टोमॅटो अशा कितीतरी पिकांच्या कोवळ्या शेंगा-फळांत सोंड घालतो. मग दाणे सुरकुततात, भरतच नाहीत. त्याची पिल्लं दर वेळी कात टाकताना रंग बदलतात. आधी नारिंगी, मग काळी आणि त्यावर पांढरे ठिपके, पुढे हिरवट. म्हणजे रंगावरून ओळखायला जाल, तर नक्की फसाल!

बरं, खांद्यावरून ओळखावं म्हटलं तर? शिकारी ढेकणाच्या खांद्यांना दोन्हीकडे टोकदार काटे असतात, हे खरं. पण तुरीच्या शेंगांतला रस पिणारा एक तपकिरी ढेकूण आहे. तो दुसऱ्या कुळातला, पण त्याच्याही खांद्यावर काटे असतात. तोही तपकिरी, हाही तपकिरी, आणि दोघेही त्याच तुरीवर! त्याच्या मिशा मोजल्या तर चारच तुकडे भरतात, पण हे मोजायला भिंग हवं आणि किड्यानं स्थिर बसायला हवं.

मग खरी खूण कोणती? सोंड! किडा एखाद्या पारदर्शक डबीत घ्या आणि खालून बघा. रस पिणाऱ्याची सोंड शिवणाच्या सुईसारखी बारीक असते. ती पोटाखाली चिकटून असते आणि तिचं बूड डोक्याखालच्या खाचेत रुतलेलं असतं. शिकाऱ्याची सोंड दाभणासारखी जाड. बुडाशी ती मिशीपेक्षा स्पष्ट जाड दिसते आणि मोकळी असते. त्यामुळे ती त्याला थेट समोर रोखता येते, भाल्यासारखी! अळी धरायची तर भाला समोर नको का रोखायला? अंड्यांवरूनही थोडं कळतं. दोघांचीही अंडी बारक्या पिंपांसारखी, पुंजक्यानं घातलेली. हिरव्या ढेकणाची फिकट पिवळसर, नीट ओळीत मांडलेली. शिकाऱ्याच्या अंड्याच्या झाकणाभोवती भिंगातून पापण्यांसारखी झालर दिसते.

एवढं बघायचं कशासाठी? कारण औषधाला चोर आणि राखणदार यांतला फरक कळत नाही. सुक्याबरोबर ओलंही जळतं. चोरही मरतात आणि राखणदारही. पुढं अळ्यांची नवी पिढी लगेच येते, पण त्यांना खाणारे शिकारी मागं पडतात. मग पुन्हा फवारणी, पुन्हा खर्च. आणि पंप पाठीवर घेणाऱ्या माणसाचं काय? २०१७ च्या पावसाळ्यात यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन वीसच्या आसपास शेतकरी-शेतमजूर दगावले. कितीतरी जण दवाखान्यात पडून होते. म्हणून जी फवारणी नको आहे, ती न करणं हीसुद्धा मोठी गोष्ट आहे.

त्या दिवशी आम्ही आजोबांचं जुनं पांढरं धोतर दोन ओळींच्या मधे अंथरलं आणि त्यावर झाडं हलवली. खाली पडलेल्या अळ्या मोजल्या, शिकारी ढेकूण मोजले. वावरात पाच-सहा ठिकाणी असंच केलं. भाचीनं सगळे आकडे वहीत मांडले. अळ्या किती झाल्या म्हणजे फवारणी परवडते, याचं एक माप असतं. त्याला आर्थिक नुकसानीची पातळी म्हणतात. भाऊजींनी कृषी सहायकांना विचारून ते माप घेतलं. आमचे आकडे बहुतेक ठिकाणी त्याच्या खाली भरले, फक्त नाल्याकडच्या तुकड्यात वर गेले. भाऊजींनी पंपवाल्याला निरोप धाडला, “सारं वावर नाही, नाल्याकडचाच तुकडा.” चार दिवसांनी पुन्हा धोतर अंथरलं. न फवारलेल्या भागात अळ्या वाढल्या नव्हत्या आणि पानांखाली वाळलेली कातडी लटकत होती.

शिकारी ढेकूण आहेत म्हणून औषध कधीच लागत नाही, असं मात्र समजू नका हं! तिथंही ते लागलंच की. पण आधी मोजायचं आणि मग ठरवायचं.

तुमच्या घरी शेत असो, नाहीतर गच्चीत टोमॅटोच्या चार कुंड्या, एक छोटी वही करा. तीन रकाने आखा : कुठं दिसला, काय करत होता, सोंड कशी होती. किडा उघड्या हातानं धरू नका, वास तर लागेलच, शिकारी असला तर टोचेलही. डबीत घ्या, बघा आणि जिथून घेतला तिथंच सोडा. नुकत्याच फवारलेल्या शेतात मात्र अजिबात पाऊल टाकायचं नाही. आणि घरात कुणी “ढेकूण पडले, मारा औषध!” म्हणालं, तर वही पुढं करून हळूच विचारा, “आधी सोंड बघू या का?”