मिसळीचे पीठ

युक्रेनियन आणि रशियन यांच्या मिश्रणातून झालेल्या बोलीला 'सुर्झिक' म्हणतात. या शब्दाचा मूळ अर्थ, निरनिराळ्या धान्यांचे मिसळीचे, हलक्या प्रतीचे पीठ. बेलारूसमधल्या तशाच बोलीचे नाव 'त्रस्यांका', म्हणजे गवतात पेंढा मिसळून केलेली वैरण. दोन्ही नावे हिणवण्यासाठीच पडली. जयपुरात मात्र गव्हाच्या कणकेत बेसन घालून केलेली मिस्सी रोटी पाहुण्याला आवर्जून वाढतात, आणि तिथल्या मराठी घरातही भाजणीचा डबा आदराने जपला जातो. पीठ मिसळलेले चालते. भाषा मिसळलेली खपत नाही.

1727 मध्ये वसलेल्या या नगराला मराठी माणूस नवा नाही. सवाई जयसिंहांच्या पदरी असलेले जगन्नाथ सम्राट महाराष्ट्रीय होते. युक्लिडची भूमिती त्यांनी अरबीवरून संस्कृतात आणली; तीच 'रेखागणित'. ग्रंथ उरला. घरात दूध उतू गेल्यावर पंडित कोणत्या भाषेत ओरडतात, ते कोणी लिहून ठेवत नसते.

नोकरीच्या निमित्ताने येऊन तिथेच रुजलेल्या घरांत नातू सहज म्हणून जातो, "आजी, दही खट्टा झाला." हिंदीत नपुंसकलिंग नाही, तेव्हा पहिली कुऱ्हाड दही, पाणी, घर यांवरच पडायची. आजी थांबवते, "खट्टा नव्हे, आंबट. झाला नव्हे, झालं." तिची दुरुस्ती बिनचूक असते. तिसऱ्या-चौथ्या दुरुस्तीनंतर नातू उरलेले वाक्य हिंदीत पुरे करतो, तेही बिनचूक. पुढे तो मराठीत वाक्य सुरूच करत नाही.

खरे तर शेजारची ढूंढाडी बोली मराठीला परकी नाही. मॅकॅलिस्टर या पाद्र्याने 1898 मध्ये जयपूर संस्थानातल्या बोलींचे नमुने छापले, ते पाहणाऱ्याला ओळखीच्या खुणा भेटतात. प्रमाण हिंदीत नसलेला 'ळ' ढूंढाडीत आहे. 'आम्ही' आणि 'आपण' यांतला भेद प्रमाण हिंदीत उरला नाही. ढूंढाडीने तो 'म्हे' आणि 'आपां' या रूपांत राखला आहे. पण नातवाच्या शाळेत ढूंढाडीलाही गावंढळच समजतात, आणि दोन्ही बोली एकाच दाराबाहेर उभ्या राहतात.

दुपारी भाजीवाली हाक देते. आजी जिन्यावरूनच विचारते, "केळी कांई भाव छै?" अर्धे वाक्य कोकणातले, अर्धे ढूंढाडातले. भाजीवाली हसत नाही, दुरुस्तही करत नाही. ती भाव सांगते आणि दोन केळी नातवाच्या हातावर ठेवते.