शेंगांना भाव काय लागला?

खुलताबादेत आफ्रिका म्हटलं की बोट मलिक अंबरच्या मकबऱ्याकडे जातं. हबशाणातून, म्हणजे आजच्या इथिओपियातून, गुलाम म्हणून विकला गेलेला आणि पुढे निजामशाहीचा वजीर झालेला अंबर १६२६ मध्ये वारला, त्याला इथंच दफन केलं. जवळच त्याच्या बीबी करीमाची कबर. तिच्याविषयी शाळेत आम्हाला एक ओळसुद्धा नव्हती.

साफी फाय या सेनेगलच्या बाईचा सिनेमा मी लॅपटॉपवर लावला, तेव्हा आईनं विचारलं, "ही अंबरच्या मुलखातली का गं?"

हबशाण पूर्वेला, सेनेगल पार पश्चिम किनाऱ्याला, असं मी सांगू लागले. तोवर आईचं लक्ष पडद्यावरच्या शेताकडे गेलं होतं.

मी नाट्यशास्त्र शिकले, मालिकांत किरकोळ कामं करते. खेड्यातली बाई हवी असली की मला फोन येतो. मग सेटवर "जरा अजून गावठी बोल" म्हणतात आणि मराठवाड्यात कुणीच बोलत नाही असली बोली माझ्या तोंडून वदवून घेतात.

साफी डाकारमध्ये शिक्षिका होती. १९६६ च्या तिथल्या कला महोत्सवात तिला फ्रेंच दिग्दर्शक जाँ रूश भेटला. त्यानं आपल्या 'पेती आ पेती'मध्ये तिला भूमिका दिली. मी असते तर पुढच्या भूमिकेची वाट पाहत बसले असते. ती पॅरिसला जाऊन मानववंशशास्त्र शिकली, कॅमेरा शिकली आणि आपल्याच माणसांच्या गावी परतली. १९७५ चा 'कद्दू बेकात' तिथं घडला. सहाराच्या दक्षिणेकडच्या आफ्रिकेतल्या बाईनं केलेला, व्यावसायिक वितरण मिळालेला हा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट. त्यात नट नाहीत, गावकरीच आहेत. पाऊस नाही, भुईमूग गेला, म्हणून न्गोरचं कुंबाशी लग्न अडतं आणि तो मजुरीला डाकार गाठतो. झाडाखाली बसलेली माणसं कर आणि कर्जावर बोलतात. सरकारनं चित्रपटावर बंदी घातली, यात नवल ते काय!

शेतातली दृश्यं लांबच लांब आहेत. खरं सांगते, मला कंटाळा आला. आईला नाही. फ्रेंच राज्यकर्त्यांनी तेलासाठी तिथल्या शेतकऱ्यांना शेंगाच लावायला लावल्या, हे मी सांगितलं, तर ती म्हणाली, "आपल्याकडं कापसाचं तेच झालंय. शेंगांना भाव काय लागला मग?"

साफीचा 'मोसान' हक्कांच्या भांडणात वर्षानुवर्षं अडकला, १९९६ मध्ये कान महोत्सवात दिसला. २०२३ मध्ये ती गेली. चित्रपट मोजकेच. पण त्यांतल्या कुठल्याही बाईला मी माझ्यासारखं "गावठी" बोलताना ऐकलं नाही.

यंदा वेचणीच्या वेळी आईला मोबाइलवर टिपायचं ठरवलं. पटक्यात बोंडं घालत ती म्हणाली, "काढ की. पण आधी ही ओळ संपव माझ्यासंगं. मजूर मिळंना झालेत."